बारकीची पेटी

मी एक जुनी पेटी आहे. जुनी म्हणजे काय, मित्रांनो, वयाने मी जेमतेम दोन वर्षांची. पण लाकडाचं वय वर्षांवर जात नाही, त्याने सोसलं किती त्यावर जातं, असं माझे कर्ते श्रीरामआबाजी म्हणायचे. त्या हिशेबाने मी म्हातारी झाले. आयर्लंडमधल्या ल्यूकन गावी एका घराच्या मागच्या अंगणात बागेचं सामान ठेवायची शेड आहे. तिथे गवत कापायचं मशीन आणि मुक्ताची लहान झालेली सायकल यांच्यामध्ये मी पडून असते. माझं सरकतं दार खाली पाडलेलं आहे. ते शेवटचं कोणी पाडलं आणि कोणावर पाडलं, तेवढंच मला तुम्हाला सांगायचं आहे.

आबाजी मूळचे नागपूरचे. चाळीस वर्षं त्यांनी तिथे सुतारकामाचं दुकान चालवलं. त्यांच्या पत्नी विमलआजी गेल्या आणि मुलगा नितेश त्यांना आयर्लंडला घेऊन आला. नितेश कॉम्प्युटरवाला, सून पूर्वाही तीच. दोघं सकाळी, घरी नाहीतर ऑफिसात, लॅपटॉप उघडून बसत, ते संध्याकाळी मान वर करत. नात मुक्ता शाळेतून आली की आबाजी मोठ्या उमेदीने विचारत, "काय शिकवलं वं आज?" ती म्हणे, "इट्स ग्रँड, आबाजी," म्हणजे सगळं ठीक, आणि जिना चढून वर. झालं बोलणं. ज्या माणसाने जन्मभर दुकानात गिऱ्हाइकांशी आणि घरी बायकोशी अखंड बडबड केली, त्याच्या तोंडाला कुलूप लागलं.

पूर्वा दर शनिवारी एका वन्यप्राणी बचाव केंद्रात मदतीला जायची. गाडीने पाऊण तास. तिथले पिंजरे मोडकळीला आले होते, म्हणून ती एकदा सासऱ्यांना बरोबर घेऊन गेली. केंद्राची मुख्य ग्रॉन्या नावाची आयरिश बाई. बोलायला कमी, कामाला वाघ. आबाजींनी एका दुपारात तीन दारं सरळ केली. ती बघून म्हणाली, "ग्रँड." तिच्या तोंडून हे फार मोठं कौतुक होतं, असं पूर्वाने परतताना त्यांना सांगितलं. पुढे ते आठवड्यातून चार दिवस जाऊ लागले. नितेश ऑफिसला जाताना त्यांना सोडायचा, संध्याकाळी आणायचा.

त्या वर्षीच्या मार्चमध्ये केंद्रात एक पिल्लू आलं. पाणमांजराचं. आपल्याकडे त्याला ऊदही म्हणतात. पुलाजवळच्या रस्त्यावर त्याची आई गाडीखाली गेली होती. पिल्लू मादी होतं, ओंजळीत मावेल एवढं, आणि शिट्टीसारखं बारीक ओरडायचं.

ग्रॉन्याचा बेत मोठा होता. पश्चिमेच्या किनाऱ्यावर एक लहानशी खाडी आहे. तिथे पूर्वी पाणमांजरं राहायची, पण कित्येक वर्षांत कोणी पाहिलं नव्हतं. अलीकडे पाणी सुधारलं होतं, खेकडे परतले होते, आणि खडकांतून गोड्या पाण्याचा ओढाही येत होता. समुद्रात राहणाऱ्या पाणमांजराला अंगावरचं मीठ धुवायला गोडं पाणी लागतंच. हे पिल्लू वर्षभर वाढवायचं आणि त्या खाडीत सोडायचं. त्यासाठी एक पेटी हवी होती. ती आतापासून पिल्लाच्या आवारातच ठेवायची, म्हणजे ते तिच्यातच झोपेल, आणि जायच्या दिवशी न घाबरता तिच्यातूनच प्रवास करेल.

ती पेटी म्हणजे मी. आबाजींनी मला याच शेडमध्ये घडवलं. फळ्या रंध्याने गुळगुळीत केल्या. आत एकही खिळा येऊ दिला नाही, सगळे सांधे लाकडात लाकूड बसवून केले. हवेची भोकं पाडली आणि प्रत्येकाची कड बोट फिरवून तपासली. दाराच्या खाचांना मेणबत्ती घासली. "दार असं सरकलं पायजे, का तिच्या कानालेही समजू नये," असं ते स्वतःशीच म्हणाले. मला फार अभिमान वाटला. पेट्या बंद करायला करतात, मला मात्र उघडायला केलं होतं.

ग्रॉन्याचे नियम तीन होते. पिल्लाला नाव द्यायचं नाही. त्याच्याशी बोलायचं नाही. हाताने भरवायचं नाही, मासळी पाइपातून सोडायची. "ज्या दिवशी ते आपण होऊन माणसाकडे येईल, त्या दिवशी ते मेलं असं समजा," ती म्हणाली. पूर्वाने ते मराठीत सांगितलं. आबाजींनी गंभीरपणे मान हलवली. "हाव, बराबर हाय," ते म्हणाले.

बराबर हाय म्हणाले, मित्रांनो. माझ्या साक्षीने म्हणाले.

पहिला महिना त्यांनी नियम पाळला. मासळीचा वास असह्य म्हणून नाकाला उपरणं बांधून यायचे, कारण त्यांनी जन्मात मासळीला हात लावला नव्हता. मग एक दिवस ग्रॉन्या जेवायला गेली, आवारात कोणी नव्हतं, आणि आबाजी माझ्या फळीला पाठ टेकून बसले. आत पिल्लू झोपेत शिट्टी वाजवत होतं. आबाजी हळूच म्हणाले, "कायले रडून राहिली? आई नाई म्हणून? माह्यी बी बायको नाई." बस, तिथून धरण फुटलं. केंद्रात असले की दुपारी ते यायचे, पाठ टेकायचे आणि बोलायचे. दुकानातलं, विमलआजींचं, इथल्या थंडीचं, नितेशला कसा वेळ नाही त्याचं. पिल्लू भोकाला नाक लावून ऐकायचं. त्या घरात जे कोणी ऐकत नव्हतं, ते इथे ऐकायला कोणीतरी होतं.

नाव आपोआप पडलं. लहान म्हणून बारकी. नावामागून हात आला. आधी माशाचा तुकडा दाराच्या कडेवर, मग बोटांत. मग त्यांनी एक खूण ठरवली. माझ्या झाकणावर बोटाच्या पेराने दोनदा वाजवायचे, टक टक, आणि म्हणायचे, "ये बारके." ती कुठेही असो, पाण्याच्या टाकीत असो, धावत यायची. आत शिरून माझ्या उजव्या कोपऱ्यात गोल व्हायची. शेपटी बाहेर राहिली तर आबाजी म्हणायचे, "शेपटी आत घे, लागन तुले." ती घ्यायची. शहाणी होती हो फार.

मी गप्प राहिले. पेटीला तोंड नसतं हे खरं, पण खोटं कशाला बोलू, मला ते आवडतही होतं. दोन जिवांची ऊब माझ्या एकाच फळीला दोन्ही बाजूंनी लागायची.

घरी पूर्वाला शंका आली. केंद्रातून आले की आबाजी लिंबाने हात चोळून धुवायचे. "बाबा, घरातली लिंबं कुठे संपतात? आणि हाताला वास कसा येतो? मासळी तर पाइपातून सोडायची असते ना?" तिने विचारलं. "बादली उचलली होती," आबाजी म्हणाले. तिने त्यांच्याकडे पाहिलं. कित्येक महिन्यांनी हा माणूस दोन पोळ्या जास्त खात होता, जेवताना हसत होता. पुढच्या आठवड्यात तिने लिंबांची मोठी जाळी आणली, एवढंच.

चौदा महिने झाले. मेमधल्या एका पहाटे मला गाडीत ठेवलं, आत बारकी. आबाजींनी कोटाच्या खिशातून स्टीलची डबी आणली होती. तिच्यातलं चिमूटभर दहीसाखर त्यांनी माझ्या उंबऱ्याला लावलं. ग्रॉन्याने भुवया उंचावल्या. "प्रवास नीट व्हावा म्हणून," पूर्वा म्हणाली. "ग्रँड," ग्रॉन्या म्हणाली आणि गाडी सुरू केली.

खाडी शांत होती. ओहोटीचं पाणी, काळे खडक, शेवाळाचा उग्र वास. मला ओल्या वाळूवर ठेवलं. सगळ्यांनी मागे सरायचं, कोणी आवाज करायचा नाही असं ठरलं होतं. ग्रॉन्याने माझं दार वर सरकवलं. बारकी बाहेर आली, वास घेत चार पावलं गेली. हाच तो क्षण, ज्यासाठी माझा जन्म होता. माझ्या फळ्याफळ्यांत आनंद मावत नव्हता.

आणि आबाजींना राहवलं नाही. आपल्यात निरोप देताना कोणी 'जा' म्हणत नाही ना. तोंडातून तो शब्दच निघत नाही. ते पुढे आले, सवयीने त्यांचं बोट माझ्या झाकणावर दोनदा पडलं, आणि ते म्हणाले, "येजो बारके. येजो बरं."

ती गर्रकन वळली. दोन पावलं परत आली. आबाजींनी घाईघाईने हात मागे लपवले. ती थांबली, वाट पाहिली, आणि मग लाटेत शिरली. ग्रॉन्या आबाजींकडे बघत राहिली. त्या दिवशी ती 'ग्रँड' म्हणाली नाही.

पण उन्हाळा चांगला गेला. खडकात लावलेल्या कॅमेऱ्यात बारकी दिसायची. खेकडे फोडताना, ओढ्यात अंग धुताना. माणसांपासून लांब. आबाजींचा जीव भांड्यात पडला. माझंही कौतुक झालं. मुक्ताच्या शाळेत मला नेलं, मुलांनी माझी चित्रं काढली. सप्टेंबरात मराठी मंडळाच्या गणपतीत, ब्लँचर्डस्टाउनच्या हॉलमध्ये, मला टेबलावर मांडलं. वर पाटी लावली होती, 'आमच्या आबाजींची पेटी'. लोक येऊन हात लावून जात.

तिथे आशुतोष आला. नितेशचा दोस्त, पुण्याचा, गोड बोलणारा पोरगा. आबाजींजवळ बसला, दोन तास बसला. इतकं मन लावून त्यांचं कोणी ऐकलं नव्हतं. आबाजी भडाभडा बोलले. खाडी कुठे आहे ते. नाव बारकी ते. आणि टक टक वाजवलं की ती कशी यायची ते. मग एकदम भानावर आले. "कोनाले सांगू नोको, बाप्पा. ग्रॉन्याबाईले तर बिलकुल नोको."

"काका, काय बोलताय! मेलो तरी नाही सांगणार," आशुतोष म्हणाला आणि त्यांच्या पाया पडला.

ऑक्टोबरच्या शेवटी सोमवारची सुट्टी आली. आशुतोष मित्रमंडळी घेऊन दोन गाड्यांनी थेट त्या खाडीत गेला. तिथे एक लाकडी धक्का आहे. त्यावर त्याने गाडीच्या किल्लीने वाजवलं, टक टक. "ये बारके, ये!" आणि ती आली, मित्रांनो. बिचारी पाच महिने जंगली झालेली, पोट भरलेलं, तरी आली. तिला वाटलं आबाजी आले.

त्याचा व्हिडिओ त्याच संध्याकाळी गटागटांतून फिरला. पुढच्या शनिवारी सहा गाड्या. त्याच्या पुढच्या शनिवारी किती, देव जाणे. कोणी चिप्स टाकले, कोणी सॉसेज. आयरिश माणसंही मुलं घेऊन येऊ लागली. बारकी आता कुठल्याही लाकडी आवाजाला यायची, कोळ्याने होडीला हातोडा मारला तरी यायची. मग एका लहान मुलीने सॉसेज पुढे केलं आणि खेळात मागे ओढलं. बारकी तिच्या बोटाला चावली. चार टाके पडले.

नितेशने आशुतोषला फोन लावला, स्पीकरवर. "अरे यार, मला काय माहीत असं होईल?" तो म्हणाला. "मी तर प्यारसे दाखवलं. लोकांना किती आवडलं बघ ना, चाळीस हजार व्ह्यूज आलेत!"

आबाजींनी नितेशच्या हातातून फोन घेतला. "तू शपथ घेतली होती बे," एवढंच म्हणाले. पलीकडून फोन बंद झाला. आबाजींनी फोन टेबलावर ठेवला. मग पूर्वाला म्हणाले, "त्यानं माह्या विश्वासाचा घात केला. अन् मी तिच्या."

वन्यजीव खात्याकडून निर्णय आला. माणसाला चावलेलं जनावर किनाऱ्यावर मोकळं ठेवता येणार नाही. पकडायचं आणि कायमचं कोंडून ठेवायचं. ग्रॉन्याने खाडीत सापळे लावले. चार दिवस रिकामे. लोखंडी जाळीत पाय टाकायला बारकी काही खुळी नव्हती. पाचव्या दिवशी ग्रॉन्या आमच्या दारात उभी राहिली.

"तुम्ही बोलवा तिला," ती आबाजींना म्हणाली. "मला त्या दिवशीच वाळूवर कळलं होतं. म्हटलं, पिल्लू विसरेल."

"मले नाई जमनार," आबाजी म्हणाले. ते पूर्वाकडे वळले. "सांग ना तिले. मले नाई जमनार."

पूर्वाचे डोळे भरले होते. "बाबा, तुम्ही नाही आलात तर बेशुद्धीची सुई मारतील. ती पाण्यात पळेल आणि तिथेच बुडून मरेल. मी पण चुकले, बाबा. मला लिंबांवरूनच कळलं होतं. चला."

मला पुन्हा गाडीत ठेवलं. नोव्हेंबरची सकाळ, बारीक पाऊस. त्याच वाळूवर, त्याच जागी. दार वर अडकवलेलं, त्याची दोरी आबाजींच्या हातात. ते माझ्या फळीला पाठ टेकून बसले, जसे दुपारी बसायचे तसे. बराच वेळ त्यांना हातच उचलवेना. मग बोटाचं पेर माझ्या झाकणावर पडलं. टक टक.

"ये बारके."

शेवाळातून ती आली. मोठी झाली होती, अंगावर समुद्राचा वास होता. धावत आली. आबाजींच्या बुटांचा वास घेतला, माझ्या उंबऱ्याचा घेतला, आणि सरळ आत शिरली. उजव्या कोपऱ्यात गोल झाली. शेपटी थोडी बाहेर राहिली होती. ती तिने आपणच आत घेतली.

मित्रांनो, त्या क्षणी मला वाटलं, माझं दार अडकावं. पावसाने खाच फुगावी, एखादी चिरफळी निघावी, काहीही व्हावं. पण आबाजींचं काम चोख होतं. दोरी सुटली आणि दार मेणासारखं खाली आलं. तिच्या कानालाही समजलं नाही.

समजलं ते गाडी सुरू झाल्यावर. मग तिने माझा दाराकडचा भाग ओरबाडून काढला. त्या खुणा अजून आहेत, आत हात घालाल तर बोटांना लागतील. आबाजी बाजूलाच बसले होते. ती शिट्टी मारून त्यांना बोलावत होती आणि ते खिडकीबाहेर बघत होते.

आशुतोषचा मला राग येतो. त्या चिप्सवाल्यांचाही येतो. पण खरा राग आबाजींचा आहे. त्यांनी मला वाट म्हणून घडवलं आणि सापळा म्हणून वापरलं. अन् एवढं होऊनही तो राग पुरता धरवत नाही, कारण एकट्या म्हाताऱ्याने दोन शब्द बोलायला कोणाकडे जायचं होतं, ते मलाही सांगता येत नाही.

बारकी आता एका आवारात असते. सिमेंटचा तलाव, पुढे जाड काच. येणारे-जाणारे काचेवर बोटाने वाजवतात आणि ती प्रत्येक वेळी येते. आबाजी एकदाच गेले होते, असं पूर्वा नितेशला सांगत होती. दोन्ही हात कोटाच्या खिशात घट्ट कोंबून उभे होते. काचेतून वास जात नाही. तिने त्यांना ओळखलं नाही.

तेव्हापासून आबाजी कुठेच टकटक करत नाहीत. पूर्वाच्या खोलीशी काम असलं तरी दाराबाहेर उभे राहून खोकतात. माझ्याकडे तर बघतही नाहीत. आणि बचाव केंद्रातून आलेला निरोप तसाच पडून आहे. दोन नवी पिल्लं आली आहेत, पेटी हवी आहे.

परवा मुक्ता चेंडू शोधत शेडमध्ये आली. चेंडू मिळाला तशी खुशीत तिने माझ्या झाकणावर तबला वाजवला. स्वयंपाकघराच्या खिडकीतून आबाजी एवढ्या जोरात ओरडले की पोरगी दचकली. "नोको वाजवू!"

ती खिडकीकडे बघत राहिली. आणि आयुष्यात पहिल्यांदा तिने त्यांना मराठीत विचारलं, "का, आबाजी? आत कोणी नाहीये."

आबाजी सपाता घालून अंगणात आले. शेडच्या दारात पायरीवर बसले. मुक्ता त्यांच्याजवळ बसली. "सांगतो," ते म्हणाले, आणि त्यांनी तिला सगळं सांगितलं, स्वतःचं काहीही न लपवता. ती चेंडू मांडीवर धरून शेवटपर्यंत ऐकत होती. पाणमांजरापाशी जे बोलायला नको होतं, ते ऐकायला माणूस घरातच होतं. आम्हाला ते दोन वर्षं उशिरा कळलं.

मित्रांनो, रानातल्या जिवाला जीव लावायचा असेल तर लांबून लावा. त्याला नाव देऊ नका, आपल्या हाकेची सवय लावू नका. ज्याला एकदा सोडलं, त्याला परत बोलावू नका. आणि कधी या शेडमध्ये आलात, तर माझ्या झाकणावर वाजवू नका. आत कोणी नाही हे मला माहीत आहे. पण तिकडे काचेमागे ती अजून येते आहे.